वाचकांचे प्रश्न : फौजेतला पगार, फॉर्म १६ आणि घरची फाइल

पगारातून कापलेल्या कराचे प्रमाणपत्र, म्हणजेच फॉर्म १६, देण्याची शेवटची तारीख १५ जून असते आणि त्या सुमारास या सदराकडे येणाऱ्या पत्रांत यंदा सैनिकांच्या घरून आलेली पत्रे पुष्कळ आहेत. नोकरी करणारा माणूस सीमेवर, कागदपत्रे तिसऱ्याच गावच्या कार्यालयात आणि विवरणपत्र भरण्याची जबाबदारी घरच्यांवर, अशी ही तिहेरी अडचण आहे. म्हणून या अंकात इतर प्रश्न बाजूला ठेवून केवळ सैनिकांच्या वेतनाच्या व कराच्या दाखल्यांसंबंधीची पत्रे घेतली आहेत. उत्तरे आर्थिक वर्ष २०२५-२६ च्या उत्पन्नासाठी आहेत. नवा आयकर कायदा १ एप्रिल २०२६ पासून लागू झाला असला तरी त्या आधीच्या उत्पन्नाला १९६१ चाच कायदा लागू राहतो, त्यामुळे खाली आलेली कलमे जुन्या कायद्यातील आहेत.

प्रश्न : माझे यजमान मराठा लाइट इन्फन्ट्रीमध्ये हवालदार असून सध्या फील्डमध्ये आहेत. त्यांचा फॉर्म १६ अजून मिळालेला नाही. पलटणीतले क्लार्क सांगतात की तो मोबाइलवर मिळेल, यजमान सांगतात की तिथे फोन चालत नाही, आणि आमचे करसल्लागार म्हणतात की फॉर्म १६ शिवाय विवरणपत्र भरताच येणार नाही. कोणाकडे मागावा? — एक सैनिकपत्नी, चंदगड तालुका

उत्तर : ताई, पहिली गोष्ट अशी की हा दाखला पलटण देत नाही. जो पगार देतो आणि पगारातून कर कापतो, त्यानेच तो द्यायचा असतो. जेसीओ (नायब सुभेदार ते सुभेदार मेजर या हुद्द्यांचे अधिकारी) आणि जवान यांच्या बाबतीत हे काम त्या त्या रेजिमेंटच्या केंद्राला जोडलेले वेतन लेखा कार्यालय करते, ज्याला फौजेत सगळे पीएओ म्हणतात. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे पीएओ बेळगावला आहे, तोफखान्याचे नाशिकला, बॉम्बे सॅपर्सचे खडकीला, ब्रिगेड ऑफ द गार्ड्सचे कामठीला आणि महार रेजिमेंटचे मध्य प्रदेशातील सागरला. चिलखती दल व मेकॅनाइज्ड इन्फन्ट्री यांची पीएओ अहिल्यानगरला आहेत. जवानाची नेमणूक लडाखला असो वा मणिपूरला, त्याचे वेतनखाते याच कार्यालयात राहते. म्हणून पत्र लिहायचे झाले तर ते बेळगावच्या पीएओच्या नावे, यजमानांचा आर्मी नंबर, हुद्दा, पॅन आणि आर्थिक वर्ष लिहून, शक्यतो पलटणीमार्फत पाठवावे.

क्लार्कसाहेबांनी सांगितलेला मार्ग चुकीचा नाही. जेसीओ व जवानांसाठी भूदलाचे ‘हमराज’ नावाचे ॲप आहे आणि त्यावर मासिक पगारपत्रक व फॉर्म १६ पाहता येतात. मात्र ते ॲप जवानाच्या स्वतःच्या ओळखीशी व मोबाइलशी जोडलेले असते. घरी बसून त्यांच्या नावाने दुसऱ्या फोनवर ते उघडण्याची खटपट करू नये, कारण हा प्रश्न कराचा न राहता सुरक्षेचा होतो. यजमान रजेवर आले किंवा नेटवर्कच्या ठिकाणी आले की वर्षभराची पगारपत्रके आणि फॉर्म एकदम उतरवून घरच्या ईमेलवर ठेवायला सांगावे. एवढी सवय लागली तर पुढच्या जूनमध्ये हे पत्र लिहावे लागणार नाही.

आता करसल्लागारांच्या म्हणण्याकडे वळतो. ते मला मान्य नाही. फॉर्म १६ चे दोन भाग असतात. भाग ‘अ’ मध्ये तिमाहीनुसार किती कर कापला व सरकारजमा झाला याची नोंद असते, आणि भाग ‘ब’ मध्ये पगाराचा, भत्त्यांचा व वजावटींचा तपशील असतो. २०१९ पासून हे दोन्ही भाग आयकर खात्याच्या ‘ट्रेसेस’ या संकेतस्थळावरून तयार होतात, पण ते फक्त कर कापणाऱ्या कार्यालयाला तेथून उतरवता येतात, कर्मचाऱ्याला नाही. म्हणून सायबर कॅफेत कोणी ‘शंभर रुपयांत फॉर्म १६ काढून देतो’ म्हणत असेल तर त्याच्यावर विश्वास ठेवू नये. कर्मचाऱ्याला स्वतःच्या पॅनवर जे पाहता येते ते म्हणजे फॉर्म २६एएस आणि वार्षिक माहिती विवरण, ज्याला एआयएस म्हणतात. कापलेला कर २६एएसमध्ये दिसतो, बँकेचे व्याज एआयएसमध्ये दिसते आणि पगाराचा तपशील पगारपत्रकांवरून बांधता येतो. विवरणपत्राला फॉर्म १६ जोडावाच लागत नाही, त्यामुळे ही तिन्ही कागदपत्रे हाताशी असतील तर ‘सहज’ हा विवरणपत्राचा नमुना, म्हणजे आयटीआर-१, व्यवस्थित भरता येतो.

पगारपत्रके जुळवताना एक बारीक गोष्ट सांभाळावी. केंद्र सरकारच्या नियमानुसार मार्चचा पगार एप्रिलच्या पहिल्या कामाच्या दिवशी देण्याची पद्धत आहे आणि त्यामुळे सरकारी फॉर्म १६ मधली बेरीज पुष्कळदा मार्च ते फेब्रुवारी अशी असते. एप्रिल ते मार्चची पत्रके घेऊन बेरीज केली की महागाई भत्त्याच्या वाढीमुळे काही हजारांचा फरक पडतो आणि घरात उगाच संशय सुरू होतो. प्रत्येक पगार खात्यात कोणत्या तारखेला जमा झाला हे पासबुकात पाहावे, म्हणजे कोडे सुटते.

आणखी एक शक्यता आपल्या पत्रात नाही, पण मला ती दाट वाटते. नव्या करप्रणालीत २०२५-२६ साठी ७५,००० रुपयांची प्रमाणित वजावट आणि १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावरील सवलत धरली, तर पगाराशिवाय दुसरे उत्पन्न नसलेल्या माणसाला १२ लाख ७५ हजार रुपयांपर्यंत कर लागत नाही. आपल्या यजमानांचा कर शून्य आला असेल तर मुळात कापलाच गेला नसेल. कापलेल्या कराचा दाखला देण्याचे बंधन कर कापला असेल तेव्हाच असते. अशा वेळी भाग ‘अ’ येणार नाही, फार तर पगाराचा तपशील येईल. म्हणून आधी २६एएस उघडून पाहावे. मात्र कर शून्य असला तरी विवरणपत्र टळत नाही. नव्या प्रणालीत उत्पन्न ४ लाखांच्या वर गेले की ३१ जुलैपर्यंत ते भरावे लागते.

यजमानांच्या मोबाइलवर येणारा ओटीपी मिळत नसेल तर दोन वाटा आहेत. विवरणपत्र भरल्यावर पडताळणीसाठी ३० दिवस मिळतात, तेवढ्यात त्यांचा फोन लागला तर काम होते. दर वर्षी ते दुर्गम ठिकाणीच असतील तर त्यांनी आपल्याला कुलमुखत्यारपत्र द्यावे आणि त्याआधारे आयकराच्या पोर्टलवर आपली अधिकृत व्यक्ती म्हणून नोंद करून घ्यावी. कलम १४० मध्ये ही सोय आहे. पासवर्ड सांगून ठेवण्यापेक्षा ही वाट लांबची आहे खरी, पण घरात वाद किंवा चौकशी उद्भवली तर तीच टिकते.

प्रश्न : मुलगा अग्निवीर म्हणून भरती झाला असून त्याच्या खात्यावर दरमहा २१,००० रुपये येतात. वर्षाचे २,५२,००० होतात. पण त्याच्या वार्षिक वेतन तपशिलात एकूण वेतन ४,६८,००० दाखवले आहे. न मिळालेल्या पैशांवर कर लागणार का? — एक शेतकरी पालक, बागलाण

उत्तर : दादा, आकडा चुकलेला नाही. पहिल्या वर्षी अग्निवीराचे मासिक वेतन ३०,००० रुपये असते. त्यातील ३० टक्के, म्हणजे ९,००० रुपये, अग्निवीर कॉर्पस फंडात जातात आणि हाती २१,००० येतात. तेवढेच ९,००० रुपये केंद्र सरकार स्वतःच्या वतीने त्या निधीत घालते. कायद्याने सरकारचा हा हिस्साही मुलाचे वेतनच समजला जातो, म्हणून बेरीज दरमहा ३९,००० आणि बारा महिन्यांची ४,६८,००० होते. एका हाताने वेतनात धरलेली ही रक्कम कलम ८०सीसीएच दुसऱ्या हाताने वजा करू देते. नव्या करप्रणालीत फक्त सरकारच्या हिश्शाची वजावट मिळते, जुन्या प्रणालीत मुलाच्या आणि सरकारच्या अशा दोन्ही हिश्शांची मिळते.

नव्या प्रणालीने हिशेब करून पाहू. ४,६८,००० मधून प्रमाणित वजावटीचे ७५,००० गेले की ३,९३,००० उरतात आणि सरकारी हिश्शाचे १,०८,००० गेले की २,८५,०००. कर काहीच नाही. शिवाय वजावटीआधीची ३,९३,००० ही रक्कम ४ लाखांच्या आत असल्यामुळे, दुसरे उत्पन्न नसेल तर, पहिल्या वर्षी विवरणपत्राची सक्तीही नाही.

दुसऱ्या वर्षी मात्र सावध राहावे. वेतन ३३,००० होते, सरकारचा हिस्सा ९,९००, म्हणून वर्षाची बेरीज ५,१४,८०० येते. प्रमाणित वजावट गेल्यावर ४,३९,८०० उरतात. विवरणपत्र भरावे लागते की नाही हे ठरवताना ८०सीसीएचची वजावट धरायची नसते, त्यामुळे कर शून्य असूनही विवरणपत्र भरणे बंधनकारक होते. जोखीम व खडतर सेवेचे भत्ते मिळत असतील तर ही वेळ पहिल्याच वर्षी येऊ शकते. चार वर्षांनंतर मिळणारा सेवा निधी, ज्यात मुलाचे ५.०२ लाख, सरकारचे ५.०२ लाख आणि व्याज असते, कलम १०(१२सी) खाली करमुक्त आहे. ती रक्कम हाती येईल तेव्हा ‘एवढे पैसे कुठून आले’ असा प्रश्न बँकेने किंवा आयकर खात्याने विचारला, तर चार वर्षांचे वेतन तपशील हेच उत्तर असेल. म्हणून कर नसला तरी ते कागद जपून ठेवावेत.

प्रश्न : मी लेफ्टनंट कर्नल या हुद्द्यावरून गेल्या सप्टेंबरअखेर निवृत्त झालो. मला दोन फॉर्म १६ मिळाले आहेत. सेवाकाळातील फॉर्मवर १२ लाख रुपये वेतन आणि कर शून्य, तर निवृत्तिवेतनाच्या फॉर्मवर ४ लाख ५० हजार आणि कर शून्य. पोर्टलवर दोन्ही भरल्यावर मात्र लाखाच्या वर कर भरण्यास सांगितले जाते. पोर्टलमध्ये बिघाड आहे काय? — निवृत्त अधिकारी, सातारा

उत्तर : महोदय, बिघाड नाही. आपल्यासारख्यांची पत्रे दर वर्षी येतात आणि दर वर्षी पत्रलेखकाचा विश्वास बसत नाही. सेवाकाळात भूदलाच्या अधिकाऱ्यांचे वेतन पुण्यात गोळीबार मैदानाजवळील प्रधान नियंत्रक, संरक्षण लेखा (अधिकारी) यांचे कार्यालय काढते आणि फॉर्म १६ त्यांच्याच संकेतस्थळावर सीडीए खाते क्रमांकाने मिळतो. निवृत्तिवेतन ‘स्पर्श’ या प्रणालीतून, प्रयागराजच्या कार्यालयामार्फत येते आणि त्याचा फॉर्म १६ त्या पोर्टलवर. प्रत्येक यंत्रणेने आपण दिलेल्या रकमेपुरताच हिशेब केला. एकीने १२ लाखांतून ७५,००० वजा करून ११,२५,००० वर सवलत दिली आणि कर शून्य केला. दुसरीने ४,५०,००० मधून पुन्हा ७५,००० वजा करून ३,७५,००० हे ४ लाखांच्या आत म्हणून सोडून दिले. दोघीही आपापल्या जागी बरोबर आहेत.

पण करदाता एकच आहे आणि त्याला प्रमाणित वजावट एकदाच मिळते. १६,५०,००० मधून ७५,००० गेले की करपात्र उत्पन्न १५,७५,००० होते. त्यावर नव्या प्रणालीच्या टप्प्यांनुसार ४ ते ८ लाखांवर २०,०००, ८ ते १२ लाखांवर ४०,००० आणि उरलेल्या ३,७५,००० वर १५ टक्क्यांनी ५६,२५० असा १,१६,२५० रुपये कर होतो. ४ टक्के उपकर मिळवला की १,२०,९००. उत्पन्न १२ लाखांच्या वर गेल्यामुळे सवलत पूर्णपणे संपते. शिवाय आगाऊ कर भरलेला नसल्याने कलम २३४बी आणि २३४सी खाली व्याजही लागेल, आणि त्यातील २३४बी चे व्याज दर महिन्याला वाढते. म्हणून ३१ जुलैची वाट न पाहता स्वयंनिर्धारण कर आधी भरून टाकावा.

उपदान (ग्रॅच्युइटी), अंशराशीकरणाची (निवृत्तिवेतनाचा काही भाग विकून एकदम घेतलेली) रक्कम आणि निवृत्तीच्या वेळी मिळालेले रजेचे रोखीकरण या तिन्ही रकमा संरक्षण दलातील कर्मचाऱ्यांना करमुक्त आहेत. त्या आपण चुकून पगारात मिळवल्या नाहीत ना, हे तेवढे तपासावे. मी पाहिलेल्या विवरणपत्रांत हीच चूक सर्वांत महाग पडते. या वर्षी निवृत्त होणाऱ्या इतर वाचकांनी निवृत्तिवेतन सुरू होताच आपले आधीचे वेतन निवृत्तिवेतन देणाऱ्या यंत्रणेला कळवावे. कलम १९२(२) ती वाट मोकळी ठेवते आणि मग कर हप्त्याहप्त्याने कापला जातो. वेतन आयोगाची किंवा समान हुद्दा समान निवृत्तिवेतनाची थकबाकी एकरकमी आली असेल तर कलम ८९ खाली दिलासा मिळतो, पण त्यासाठी फॉर्म १०ई विवरणपत्राच्या आधी भरावा लागतो. मागाहून भरलेला चालत नाही.

प्रश्न : दोन वर्षांपूर्वीच्या फॉर्म १६ मध्ये माझा फील्ड भत्ता करमुक्त दाखवला होता. यंदा तो पूर्ण करपात्र दाखवला आहे. लेखा कार्यालयाची चूक समजून तक्रार करू का? — एक कॅप्टन, मूळ गाव बारामती

उत्तर : तक्रार करण्याआधी फॉर्मच्या भाग ‘ब’ मध्ये कोणती करप्रणाली धरली आहे ते पाहावे. २०२३-२४ पासून नवी प्रणाली ही आपोआप लागू होणारी प्रणाली झाली आहे. आपण वेळेत जुनी निवडल्याचे कळवले नसेल तर कार्यालयाने नवीच धरली असणार, आणि नव्या प्रणालीत नियम २बीबी मधले सैनिकी भत्ते करमुक्त नाहीत. जुन्या प्रणालीत ही सूट दरमहा फील्ड क्षेत्रासाठी २,६००, सुधारित फील्ड क्षेत्रासाठी १,०००, अतिसक्रिय फील्ड क्षेत्रासाठी ४,२००, बंडखोरीविरोधी मोहिमेसाठी ३,९०० आणि ९,००० ते १५,००० फूट उंचीवर १,०६०, तर त्याहून वर १,६०० रुपये अशी आहे. हे आकडे अनेक वर्षांपासून तेच आहेत आणि प्रत्यक्ष मिळणारे भत्ते त्यांच्या कितीतरी पुढे गेले आहेत, हे नमूद करताना मला संकोच वाटत नाही. मिलिटरी सर्व्हिस पे, म्हणजे अधिकाऱ्यांचे १५,५०० आणि जेसीओ-जवानांचे ५,२०० रुपये, दोन्ही प्रणालींत करपात्रच आहे. त्याविषयी पुष्कळांचा गैरसमज असतो.

कार्यालयाने नवी प्रणाली धरली म्हणून आपण बांधले जात नाही. पगारदार व्यक्तीला विवरणपत्र भरताना जुनी प्रणाली निवडता येते, फक्त ते मुदतीत भरलेले असले पाहिजे. मुदत टळली की नवीच प्रणाली लागू होते. डीएसओपी फंडातील (सैन्याधिकाऱ्यांच्या भविष्य निर्वाह निधीतील) वर्गणी, आर्मी ग्रुप इन्शुरन्सचा हप्ता, घरकर्जाचे व्याज असे सर्व मिळून आपली वजावट मोठी होत असेल तरच जुनी प्रणाली परवडेल. केवळ फील्ड भत्त्याच्या ३१,२०० रुपयांसाठी ती निवडणे बहुतेकांना तोट्याचे ठरते. दोन्ही हिशेब करून पाहावे.

प्रश्न : पगारपत्रकावर चारही तिमाहींत कर कापलेला दिसतो, पण २६एएसमध्ये तिसरी तिमाही कोरी आहे. मागच्या वर्षीही हेच झाले आणि मला मागणीची नोटीस आली. कार्यालयाला तीन पत्रे लिहिली, उत्तर नाही. — एक नायब सुभेदार, जत

उत्तर : खाजगी कंपनी कापलेला कर बँकेत चलनाने भरते. सरकारी लेखा कार्यालय मात्र तो पुस्तकी नोंदीने वळता करते, त्याची माहिती फॉर्म २४जी मध्ये देते आणि तेव्हा त्याला एक ओळख क्रमांक मिळतो. तिमाही विवरणात, म्हणजे २४क्यू मध्ये, तो क्रमांक आणि प्रत्येक जवानाचा पॅन बरोबर पडला तरच रक्कम त्याच्या २६एएसमध्ये उतरते. हजारो नावांच्या यादीत एका पॅनचे एक अक्षर चुकले, तर पैसे सरकारच्या तिजोरीत असतात आणि तुमच्या खात्यावर मात्र दिसत नाहीत. म्हणून पगारपत्रकावरील पॅन अक्षर अक्षर वाचून पाहावा आणि तो आधारशी जोडलेला आहे याची खात्री करावी.

चूक दुरुस्त करण्याचा अधिकार फक्त त्या कार्यालयाला आहे. त्याने सुधारित २४क्यू भरले की काही दिवसांत नोंद दिसू लागते. ‘माझा कर दिसत नाही’ एवढेच लिहिलेले पत्र टपालात हरवते, हे मी लेखा विभागात घालवलेल्या वर्षांच्या अनुभवाने सांगतो. पत्रात तिमाही, महिनावार कापलेली रक्कम, पॅन आणि आर्मी नंबर यांचा तक्ता द्यावा, तीन महिन्यांची पगारपत्रके व २६एएसची प्रत जोडावी आणि कमान अधिकाऱ्यांच्या अग्रेषण पत्रासह ते पाठवावे. तक्ता समोर असला की बाबूला दुरुस्ती करणे टाळण्यापेक्षा करून टाकणे सोपे वाटते.

नोटिशीबद्दल भिण्याचे कारण नाही, पण गप्पही राहू नये. कलम २०५ स्पष्ट सांगते की पगारातून कर कापला गेला असेल तर तेवढ्या रकमेपुरती करदात्याकडून थेट वसुली करता येत नाही. पोर्टलवर त्या मागणीशी असहमती नोंदवावी, कारण म्हणून कलम २०५ लिहावे आणि पगारपत्रके जोडावी. २६एएस दुरुस्त झाल्यावर कलम १५४ खाली दुरुस्तीचा अर्ज करावा. दुसऱ्यांदा तोच कर खिशातून भरून ‘एकदाचे मिटवून टाकू’ असे मात्र करू नये.

प्रश्न : कुटुंब निवृत्तिवेतन मिळते, पण फॉर्म १६ कधीच येत नाही. — एक वीरपत्नी, कराड

उत्तर : ताई, तो येणारही नाही. कुटुंब निवृत्तिवेतन कायद्याच्या दृष्टीने पगार नसून ‘इतर स्रोतांपासूनचे उत्पन्न’ आहे आणि त्यातून पगाराप्रमाणे कर कापला जात नाही. आपले पती कारवाईदरम्यान कर्तव्यावर असताना हुतात्मा झाले असतील तर आपले निवृत्तिवेतन कलम १०(१९) खाली संपूर्ण करमुक्त आहे. त्यासाठी मृत्यू कारवाईत झाल्याचे नमूद असलेला रेकॉर्ड ऑफिसचा दाखला आणि पीपीओची, म्हणजे निवृत्तिवेतनाच्या मंजुरी आदेशाची, प्रत जवळ ठेवावी. इतर कारणाने मृत्यू झाला असेल तर रक्कम करपात्र असते आणि त्यातून एक तृतीयांश किंवा ठरावीक मर्यादा, यांतील लहान रक्कम वजा होते. ही मर्यादा नव्या प्रणालीत २५,००० आणि जुन्यात १५,००० रुपये आहे. रकमेचा पुरावा म्हणून ‘स्पर्श’वरील मासिक तपशील व पासबुक पुरेसे आहे.

प्रश्न : आमचा मुलगा ग्रीन कार्डवर अमेरिकेच्या भूदलात भरती झाला. तो सध्या परदेशी मोहिमेवर असून त्याचा डब्ल्यू-२ आमच्या न्यू जर्सीच्या सुनेला हवा आहे. तिकडेही आपल्यासारखेच फेरे मारावे लागतात का? — एक ज्येष्ठ दांपत्य, कोथरूड

उत्तर : तेथील डब्ल्यू-२ म्हणजे आपल्या फॉर्म १६ चा भाऊ, पण तो कॅलेंडर वर्षाचा असतो आणि वेतन देणाऱ्याने तो ३१ जानेवारीपर्यंत द्यायचा असतो. भूदल, नौदल, हवाई दल यांचे वेतन संरक्षण खात्याची एक मध्यवर्ती वित्तसंस्था काढते, जिला संक्षेपाने ‘डीफास’ म्हणतात, आणि डब्ल्यू-२ तिच्या ‘मायपे’ या पोर्टलवर मिळतो. दर महिन्याचे वेतनपत्रक, जे तिकडे ‘एलईएस’ म्हणून ओळखले जाते, तेही तेथेच असते. नोंदवलेला पत्ता जुना असेल तर कागदी प्रत भलत्याच तळावर जाते, म्हणून ऑनलाइन प्रत घेण्याचा पर्याय निवडलेला बरा.

सूनबाईंनी आकडे पाहून दचकू नये. राहण्याचा आणि जेवणाचा भत्ता करमुक्त असल्याने डब्ल्यू-२ च्या पहिल्या चौकटीत तो धरलेला नसतो. मुलगा घोषित युद्धक्षेत्रात असेल तर तेथील वेतनही त्या चौकटीतून वगळले जाते आणि बाराव्या चौकटीत ‘क्यू’ या संकेताने वेगळे दाखवले जाते. युद्धक्षेत्रातील महिने असूनही तो संकेत दिसत नसेल तर मुलाने तुकडीच्या वित्त कार्यालयाकडून सुधारित दाखला, म्हणजे डब्ल्यू-२सी, मागवावा. राज्याच्या चौकटीत न्यू जर्सी दिसणे चुकीचे असेलच असे नाही. सैनिकाचे कायदेशीर निवासाचे राज्य केवळ बदली झाल्याने बदलत नाही आणि वेतनावरचा राज्याचा कर त्यानुसारच ठरतो.

विवरणपत्राची नेहमीची तारीख १५ एप्रिल आहे. युद्धक्षेत्रात असणाऱ्यांना तेथून बाहेर पडल्यानंतर किमान १८० दिवसांची मुदतवाढ मिळते, त्यामुळे घाईने अर्धवट माहितीवर भरण्याचे कारण नाही. सूनबाईंना त्याच्या वतीने सही करायची असेल तर मुलाने आधी मुखत्यारपत्र देऊन ठेवलेले बरे. दाखला काही केल्या मिळालाच नाही तर वर्षाच्या शेवटच्या एलईएसवरील एकूण आकडे घेऊन फॉर्म ४८५२ हा पर्यायी तक्ता भरता येतो. मुलगा सेवा सोडणार असेल तेव्हा त्याने सर्व वर्षांचे डब्ल्यू-२ आणि एलईएस बाहेर पडण्याआधीच उतरवून घ्यावेत, कारण पुढे त्या पोर्टलमध्ये प्रवेश कायम राहत नाही.